एलाशाची मोटर

जळालेल्या मोटरचा वास ज्याने घेतलेला नाही, त्याला माझा धंदा समजावून सांगणं अवघड आहे. लाख, कागद आणि रबर एकदम करपल्यासारखा तो वास असतो, आणि एकदा कपड्यांत बसला की दोन धुण्यांत जात नाही. पिरंगुटच्या बाजारात, पौड रस्त्याला लागून माझं मोटर रिवाइंडिंगचं दुकान होतं. आता ते पुतण्या चालवतो आणि मी खुर्ची टाकून त्याच्या चुका काढतो. पूर्वी संध्याकाळी घरात पाऊल टाकायच्या आधी आमची सुनंदा दारातच विचारायची, आज कुणाची जाळली? लोकांच्या मोटरी मीच जाळतो अशी तिची समजूत होती, आणि अजूनही ती पुरती गेलेली नाही.

नवख्यांसाठी थोडक्यात सांगतो. बोअर म्हणजे जमिनीत उभं पाडलेलं वीतभर रुंदीचं भोक. त्यात खोलवर, पाइपाला टांगलेली एक लांबुडकी मोटर असते, तिच्या डोक्यावर पंप, आणि दोन्ही कायमची पाण्यात बुडालेली. वर नुसती केबल आणि पाइपाचं तोंड दिसतं. मोटर गेली की बोअरवर तीन पायांची घोडी उभी करायची, साखळीची चेनपुली लावायची आणि एकेक पाइप वर ओढून सोडवत जायचं. मोटर हाती आली की दुकानात आणून उघडायची, जळकी तार कापून काढायची आणि नव्या तारेचे वेढे मोजून भरायचे. वेढ्यांत गफलत झाली तरी मोटर फिरते, पण सासुरवाडीत कामाला लावलेल्या जावयासारखी कुरकुरत फिरते.

हे झालं हाताचं काम. पण पाणी बंद पडलेल्या घरातलं माणूस धड बोलत नाही, हे आम्हाला कुणी शिकवलेलं नसतं. पहिला अर्धा तास तर गाऱ्हाणी ऐकण्यातच जातो. मी मुळात तापट. त्यामुळं उलट बोलू नये म्हणून तोंडात कायम एक स्क्रू धरून बसायचो. लोकांना वाटायचं, मिस्त्री कामात बुडालाय.

अठ्ठ्याण्णवपासून पुढची दहा-बारा वर्षं आमच्या मुळशीत बोअरच्या धंद्याला नुसतं उधाण आलं होतं. हिंजवडीत कंपन्या आल्या, त्यांच्यामागं इमारती आल्या, आणि नळ मात्र सगळ्यांच्या मागून आले. तोवर सगळी भिस्त बोअरवर. एका सोसायटीचे सेक्रेटरी लातूरकडचे होते, संगणकाच्या कंपनीत चांगल्या हुद्द्यावर. त्यांची मोटर बंद पडली तेव्हा त्यांनी मला सांगितलं की बिघाडाचं मूळ कारण लेखी द्या, कमिटीत ठेवायचं आहे. स्टार्टरमधली, म्हणजे मोटर चालू-बंद करायच्या पेटीतली, वायर उंदरानं कुरतडली होती आणि त्यात मोटर जळाली होती. मी कागद घेतला, त्यावर 'उंदीर' एवढंच लिहिलं आणि खाली सही केली. साहेबांनी तो कागद वाचला, घडी केली आणि गंभीरपणे खिशात ठेवला. पण माणूस चांगला. पाइप वर ओढायला माझ्याकडं गडी कमी आहेत हे बघून त्यांनी पँट दुमडली आणि दुपारभर आमच्याबरोबर साखळी ओढली. लहानपणी वडिलांबरोबर हे खूप केलंय म्हणाले. गावाकडचं बोलताना त्यांचा आवाजच बदलला होता.

दुसरं गिऱ्हाईक कासारसाईच्या वरच्या अंगाला राहणारी ठकूबाई. मेंढरं-शेरडं राखायची, थोडी शेती, जमेल तेव्हा मजुरी. तिच्या बोअरची नवी केबल शेरडांनी चघळून ठेवली. ठकूबाईचं म्हणणं असं की मी केबल गोड आणली म्हणून शेरडांनी खाल्ली, जुनीला कधी तोंड लावलं नव्हतं. मी दुसरी टाकली आणि तिला वरून शेणाचा हात मारला. महिन्यानं बाजारात भेटली तर तक्रार तयार: "मिस्त्री, तुमी काय लावलंया त्याला? शेरडं आता त्या बाजूचा पालाबी खाईनात." मी स्क्रू शोधायला लागलो.

हसण्यासारखं असं पुष्कळ आहे. न हसण्यासारखं एकच, आणि ते म्हणजे बोअर संपलं हे सांगणं. जमिनीखालचं पाणी आटलं की मोटर कितीही चांगली असून उपयोग नसतो. अंगणात घरातली सगळी माणसं उभी असतात, म्हातारी पायरीवर बसलेली असते, आणि सगळ्यांचे डोळे आपल्या तोंडाकडं. तरी सांगावं लागतं. धंद्यात असेही आहेत, जे जितंजागतं बोअर मेलं म्हणून सांगतात आणि शेजारी नवं पाडायला लावतात. मी ते कधी केलं नाही. साधूपणा म्हणून नव्हे, तर माझ्या घरात पाणी हा विषय चेष्टेचा नव्हता. आमच्या आजोबांचं गाव मुळशीच्या धरणाखाली आहे. उन्हाळ्यात पाणी खाली गेलं की आजोबा काठावर उभे राहून, आपलं घर कुठं होतं ते बोटानं दाखवायचे. आम्हाला तिथं नुसता चिखल दिसायचा.

दोन हजार सहा साली माझ्या दुकानावरच्या दोन खोल्यांत तीन सोमाली पोरं राहायला आली. जवळच्याच एका कॉलेजात शिकत होती. उंच, सडपातळ, काळीसावळी, आणि आपसांत बोलायला लागली की भांडतायत असंच वाटायचं. बाजारात आधी कुजबुज झाली. घरमालकानं मला लक्ष ठेवायला सांगितलं. मी लक्ष ठेवलं आणि पंधरा दिवसांत एक गोष्ट ध्यानात आली. इमारतीचं पाणी गेलं की बाकीचे भाडेकरू जिन्यात उभे राहून आरडाओरडा करायचे, ही तिघं गप्प. त्यांच्या प्रत्येकाच्या खाटेखाली पाण्याचा एकेक पिवळा कॅन कायम भरलेला असायचा.

त्यातला अब्दीरहमान, म्हणजे आमचा अब्दी, मोटर उघडलेली दिसली की खाली येऊन केबलच्या रिकाम्या रिळावर बसायचा. त्याला कॉमर्स शिकायचं होतं, तारेशी काही देणंघेणं नव्हतं. पण बघत बसायचा. मराठी त्याला सुनंदानं शिकवलं. त्यामुळं ते अस्सल पिरंगुटचं झालं, मध्येच थोडं हिंदी घातलेलं. कॉलेजात तो 'सर, मला ठावं न्हाई' म्हणाला तेव्हा सगळा वर्ग हसला होता, असं त्यानंच सांगितलं. सुनंदाला त्याचा भारी अभिमान वाटला.

त्याच्या घराचं मला हळूहळू कळत गेलं. जन्म मोगादिशूचा. तो रांगत्या वयाचा असताना लढाई सुरू झाली आणि मग ती थांबलीच नाही. शहरातल्या शहरात त्यांनी किती घरं बदलली ते त्याला आठवत नव्हतं. वडील मधेच वारले. तो इकडं आल्यावर वर्षभरात शहरात पुन्हा मोठी लढाई पेटली, आणि त्याची आई हलीमा दोन मुलींना घेऊन अफगोये गावाकडं जाणाऱ्या रस्त्यानं चालत निघाली. वाटेत एलाशा म्हणून जागा आहे. तिथं शहराला पाणी पुरवायच्या जुन्या विहिरी होत्या. बाकी काही नव्हतं, रस्ता आणि काटेरी झुडपं. पण पाणी होतं, म्हणून माणसं थांबली. फांद्या वाकवून त्यावर कापडं टाकून घरं केली. मग कापडाच्या जागी प्लास्टिक आलं, प्लास्टिकच्या जागी पत्रे आले. मग दुकानं, शाळा, मशीद, फोनचा टॉवर. हजारो माणसांचं उपनगरच झालं, आणि त्यातला प्रत्येक जण कुठून तरी उठून आलेला.

हलीमाबाईंच्या नवऱ्याच्या चुलतभावानं तिथं एक बोअर पाडलं होतं. तो परदेशी निघाला तेव्हा बोअर वहिनीच्या हवाली करून गेला. बोअर, वर एक टाकी, तीन नळ आणि मोटर चालवायला जनरेटर. पहाटेपासून बायका कॅन घेऊन रांगेला. बाई स्वतः मोटर चालू-बंद करायच्या आणि रांगेतली भांडणं सोडवायच्या.

हे सगळं ऐकताना मला हिंजवडी आठवायची. त्याच वर्षांत इकडंही माळरानावर उपनगर उठत होतं. इकडं माणसं पगाराला येत होती, तिकडं जीव वाचवायला. पण बोअरवर उभं राहून मोटर कधी सुरू होतीय म्हणून वर बघणारे चेहरे सारखेच असावेत असं मला वाटायचं. अब्दीला मी हे म्हटलं तर तो म्हणाला, काका, हिंजवडीवाले लई आवाज करतात.

आता त्या दिवसाचं सांगतो. दोन हजार आठच्या सुरुवातीचे दिवस. गुरुवार होता. गुरुवारी आमच्याकडं कारखान्यांना सुट्टी आणि बाजारात वीज नाही, म्हणून मी दुकान झाडून घेत होतो. सुनंदा डबा घेऊन आली होती. अब्दी खाली आला आणि रिळावर न बसता दाराला टेकून उभा राहिला. सुनंदानं त्याच्याकडं एकदा बघितलं आणि मला म्हणाली, "पोराचं त्वांड उतरलंया. आधी बसवा त्याला."

त्यानं बसून जे सांगितलं ते असं. आठवड्यापासून आईच्या बोअरचं पाणी एकदम बारीक झालं होतं. मनगटाएवढी धार पडायची, ती करंगळीएवढी झाली. तिथला एक मेकॅनिक बघून गेला आणि म्हणाला, पाणी संपलं. गल्लीतली माणसं पुन्हा सामान बांधायच्या गोष्टी करत होती. अब्दीचा मामा नैरोबीत असतो. तो वर्षभर बहिणीला म्हणत होता, मुलींना घेऊन माझ्याकडं ये. बाई हलायला तयार नव्हत्या, पाणी आहे तोवर मी आहे म्हणायच्या. आता पाणीच संपलं म्हटल्यावर त्या हो म्हणाल्या होत्या. शनिवारी एक गाडी निघणार होती, तीत तिघींची जागाही धरली होती. फक्त निघायच्या आधी त्यांचं एक म्हणणं होतं. तू ज्या मिस्त्रीचं सांगतोस, त्याला एकदा विचार.

मला बरं वाटलं, खोटं कशाला बोलू. मी विचारायला लागलो. मोटर फिरते का? फिरते. आवाज? भांडी घासल्यासारखा, आधी असा नव्हता. पाण्यात माती येते का? नाही. अगदी स्वच्छ येतं, पण थोडं. आठवड्यात काही बदललं का? त्यावर तो म्हणाला, जुना जनरेटर मोडला म्हणून दुसरा आणला, त्याच दिवसापासून.

मी मोठ्यानं हसलो. या मोटरला विजेच्या तीन वायरी लागतात. त्यांतल्या दोन चुकून एकमेकींच्या जागी लागल्या की मोटर उलटी फिरते. उलटी फिरली तरी ती थोडं पाणी वर ढकलते, म्हणून पटकन संशय येत नाही. सगळ्यांना वाटतं, जमिनीतलं पाणीच आटलं. आमच्याकडं डीपीवर, म्हणजे विजेच्या ट्रान्सफॉर्मरवर, काम झाल्यावर हे कितीदा होतं. कासारसाईच्या एका वस्तीत तर पाणाड्या आणून नवी जागा बघून झाली होती, देवीला नवस बोलून झाला होता, आणि मी जाऊन दोन वायरी बदलल्या. नवस मात्र त्यांनी फेडला, आणि मटणाला मलाही बोलावलं.

हे सगळं मी अब्दीला हसत हसत सांगितलं. तीनपैकी कुठल्याही दोन वायरी अदलाबदल करा म्हणावं, बोअर ठणठणीत आहे. अब्दी हसला नाही. तो खाली बघत म्हणाला, "काका, तुमी तिला सांगा, बोअर संपलं."

मला आधी कळलंच नाही. मग त्यानं सांगितलं. मागच्या महिन्यात त्यांच्या गल्लीच्या टोकाला तोफेचा गोळा पडला होता. आई फोनवर असलं काही सांगत नाही, धाकटी बहीण सांगते. बहीण रात्री बूट घालूनच झोपते. लढाई शहरातून त्याच रस्त्यानं बाहेर सरकत होती. आई दोन दिवसांनी गाडीत बसणार होती आणि वर्षभरात पहिल्यांदा अब्दीला वाटायला लागलं होतं की आता आपण नीट झोपू. "पाणी हाय म्हटलं, तर ती न्हाई येणार," तो म्हणाला. "तुमचं ती ऐकंल."

सुनंदा माझ्याकडं बघत होती. ती म्हणाली, सांगा की मग. एका खोट्यानं पोराची आई नि दोन पोरी वाचत असतील तर कुठला देव विचारायला येतोय?

मी तापलो. मी तिला म्हटलं, तुला धंद्यातलं काय कळतंय. तिला सगळं कळत होतं. मला समोर दिसत होतं ते एवढंच, की मी बोअर मेलं म्हटलं तर एक बाई गाडीत बसून सुखरूप जाईल, आणि तिच्या नळावर कॅन घेऊन उभी असलेली सगळी गल्ली पाण्यावाचून रस्त्याला लागेल, पायाखाली पाणी असताना. आणि खरं सांगितलं तर ती तिथंच राहील, गोळे पडतात तिथं. मी झाडलेलाच कोपरा पुन्हा झाडून काढला.

शेवटी मी अब्दीला म्हटलं, "मी खोटं सांगणार न्हाई. पर तुजी भाषा मला येत न्हाई. मी मराठीत बोलंन. तिकडं काय सांगायचं, त्ये तुजं तू बग."

"ह्ये बरं हाय," सुनंदा म्हणाली. "पोराच्या गळ्यात टाकून मोकळं." ती डबा तसाच ठेवून दारात जाऊन उभी राहिली. तिचं म्हणणं बरोबर होतं की माझं, हे मी अजून ठरवू शकलेलो नाही.

अब्दीनं मोबाइल लावला आणि आवाज मोठा करून फोन बाकावर ठेवला. पलीकडून जनरेटरची घरघर आणि माणसांचा गलका. आई बोलायला लागली. आवाज खणखणीत, घाईचा, हुकमी. ती बोअरपाशीच उभी होती.

मी म्हटलं, आधी जनरेटर बंद करायला सांग, चालू विजेत कुणी हात घालू नका. हे त्यानं लगेच सांगितलं. त्यात विचार करण्यासारखं काही नव्हतं. घरघर थांबली. आणि एकदम तिकडचं सगळं ऐकू यायला लागलं. कॅन एकमेकांवर आपटल्याचा आवाज, एक लहान मूल रडत होतं, कुणीतरी खोकलं. मग आईनं काहीतरी विचारलं आणि तिकडं सगळेच गप्प झाले.

मी म्हटलं, आता तीनपैकी कुठल्याही दोन वायरी बदलायच्या. आणि मी तोंड बंद केलं.

अब्दी फोनकडं बघत राहिला. आईनं पुन्हा तेच विचारलं, या वेळी हळू. सुनंदा दारातून आत वळली. मी त्याच्याकडं बघायचं नाही असं ठरवलं होतं, पण बघितलंच. मग तो बोलला. थोडकंच बोलला, आणि बोलताना त्यानं डाव्या हाताची दोन बोटं एकमेकांवर अदलाबदल करून दाखवली. पलीकडं ते कुणाला दिसणार नव्हतं.

मला कळलं.

तिकडं थोडी धावपळ झाली, पक्कड कुठं ठेवली यावरून कुणीतरी कुणावर तरी ओरडलं. हे मला भाषा न येताही समजलं, कारण पक्कड कुठल्याच देशात जागेवर सापडत नाही. जनरेटर सुरू झाला. मग काहीच नाही. खोल बोअरचं पाणी वर यायला वेळ लागतो. आणि मग टाकीत पाणी पडल्याचा आवाज आला. भरल्या धारेचा आवाज वेगळा असतो, आयुष्यभर ऐकलाय. त्यावर बायकांचा असा काही गलका झाला की फोन बाकावर थरथरायला लागला.

अब्दी रिळावर बसला. मी त्याला विचारलं, का सांगितलंस? तो म्हणाला, "आई एकली असती, तर खोटं बोललो असतो, काका. ती म्हणाली, सगळी हितं उभी हायेत, ह्यांना काय सांगू?" मग म्हणाला, त्यांच्यात उंटं राखणारी माणसं वाटेत भेटली की एकमेकांचं नाव नंतर विचारतात, आधी पाणी कुठं आहे ते विचारतात. त्याचं खोटं सांगायचं नाही. लहान पोरालाही हे शिकवावं लागत नाही.

आईला मिस्त्रीशी बोलायचं होतं. अब्दीनं फोन माझ्या हातात दिला. बाई बरंच बोलल्या. त्यात मला 'इंडिया' एवढा एक शब्द कळला. त्यांचं झाल्यावर मी माझं बोललो. सुनंदा समोर उभी होती, आणि पोराचं ओझं थोडं तरी मी उचलायला हवं असं मला वाटलं. मी म्हटलं, "बाई, पाणी लागलंय ते असू द्या. तुमी तितं राहू नका. बोअर दुसऱ्याच्या हाती द्या, पोरी घ्या नि भावाकडं जावा. अब्दी लई काळजी करतोय."

अब्दीनं ते शब्दाला शब्द सांगितलं. पलीकडं टाकीत पाणी पडतच होतं. मग ती बोलली. आधीचा हुकमी आवाज नव्हता तो, समजावणीचा होता. अब्दीनं फोनवरची नजर न काढता मला सांगितलं, "ती म्हणती, आज सकाळी शहराकडनं नवी माणसं आलीत. उद्याबी येतील. आमी आलो तवा, कुणीतरी हितं मोटर चालू ठिवली व्हती."

सुनंदानं पदर तोंडाला लावला. मला त्या बाईचा रागही आला होता आणि तिच्या पाया पडावंसंही वाटत होतं, दोन्ही एकदम.

पुढचं इथंच सांगून टाकतो, म्हणजे मनात राहायला नको. अब्दी पुढच्या वर्षी पदवी घेऊन नैरोबीला मामाकडं गेला आणि तिथं नोकरीला लागला. बहिणींना त्यानं तिकडं बोलावून घेतलं. तिथून त्याचा दोनदा फोन आला, दुसरा दोन हजार दहात. तोवर आई एलाशातच होती आणि बोअर चालू होतं. नंतर त्याचा तो नंबर लागेनासा झाला. त्यापुढचं मला माहीत नाही. माहीत करून घ्यायचं माझं धाडसही नाही.

त्या दुपारी मात्र फोन अजून चालू होता आणि पलीकडं बाई वाट बघत होत्या. मी मला येतं तेच बोललो. म्हटलं, अब्दी, त्यांना सांग, तिन्ही वायरींना तीन रंगांच्या चिंध्या बांधून ठेवा, म्हणजे जनरेटर बदलला तरी पुन्हा उलटं लागणार नाही. स्टार्टर उन्हात उघडा असेल, त्यावर सावली करा. उन्हानं आतली कॉइल जाते.

अब्दी सांगत गेला. बाईंनी मध्ये दोन शंका विचारल्या. पहिली चिंध्यांची होती, रंग कुठलेही चालतील का म्हणून. दुसरी शंका ऐकून अब्दी थांबला.

"काय म्हणत्यात?" मी विचारलं.

"म्हणती, पाऊस लागल्यावर स्टार्टरला काय करायचं?"

तिकडच्या पावसाला अजून तीन महिने होते. शनिवारची गाडी दोन दिवसांवर. अब्दी माझ्याकडं बघत होता. मी त्याला म्हटलं, "सांग त्यांना, वर पत्रा ठोका, आन् फुडनं वीतभर उतार द्या."